आपली हरकत मिळाली

७ ऑक्टोबर

आज त्रेचाळीस उत्तरं. त्रेचाळीस माणसांच्या तोंडाला पानं पुसली — तीही शिक्का मारून, जावक क्रमांक टाकून!

आमच्या विभागाचं नाव 'हरकती व सूचना'. दोन टेबलं, एक प्रिंटर आणि समोर बसणारी डुलकी. डुलकी म्हणजे माझी सहकारी. जेवणानंतर ती फार वेळ टिकत नाही. पालिकेने कुठलाही प्रस्ताव काढला की नागरिकांनी तीस दिवसांत हरकत घ्यायची आणि आम्ही प्रत्येकाला लेखी उत्तर द्यायचं, असा नियम आहे. नियम चांगलाच आहे. फक्त साहेबांनी उत्तरांचे चार परिच्छेद आधीच करून ठेवलेत. पत्र उघडायचं, एक ते चारमधला नंबर टाकायचा, प्रिंट काढायची. तीन नंबर सगळ्यात जास्त खपतो — 'आपली हरकत मिळाली. तिचा काळजीपूर्वक विचार करण्यात येत आहे.' कोण करतंय विचार? मी? डुलकी?

सध्याचा प्रस्ताव आमच्या मुळावर आलाय. आमच्या भागातलं फिजिओथेरपी केंद्र बंद करून महामार्गापलीकडच्या नव्या इमारतीत न्यायचं. ते केंद्र म्हणजे आईचं केंद्र. पक्षाघाताला चौदा महिने झाले. उजवा हात गेला तो गेलाच, पण पाय तिथल्या फिजिओने उभा केला. आठवड्यातून तीन दिवस ती काठी टेकत स्वतःच्या पायांनी जाते. बोलणं मात्र परत आलं नाही. तिला समजतं सगळं. पण जीभ वळत नाही, नुसता आवाज निघतो. नवी जागा म्हणजे दोन बस आणि एक जिना. केंद्र हललं की आईचं जाणं थांबणार, आणि जाणं थांबलं की पाय पुन्हा लाकडासारखा होणार. इतकं सरळ आहे. पण हे लिहायला चार परिच्छेदांत जागा नाही.

९ ऑक्टोबर

बाबांचं पत्र आलं. माझ्याच टेबलावर! हरकत क्रमांक एकशे सोळा.

चार पानं आणि एक नकाशा. बाबांनी जन्मभर सर्वेक्षण खात्यात नकाशे काढले, तेव्हा नकाशा असणारच. घर ते केंद्र चारशे दहा मीटर. पत्नीला लागणारा वेळ बावीस मिनिटं. वाटेत टेकायला दोन कट्टे, फुटपाथ तुटलाय ती पाच ठिकाणं — सगळं शाईने, बारीक अक्षरात. कधी मोजलं असेल हे? मला चकार शब्द नाही. "ओळखीने काम नको, रीतसर होऊ दे," हे त्यांचं जुनं पालुपद. मी या विभागात आहे हे त्यांना ठाऊक आहे. उत्तरं मीच टाकते हे ठाऊक नाही. साहेब स्वतः पत्रं वाचतात असं त्यांना वाटतं. मीच तसं वाटू दिलंय.

नकाशा घेऊन साहेबांकडे गेले. याला तरी वेगळं उत्तर देऊ या, म्हटलं. साहेबांनी मान वर केली नाही. "एकाला वेगळं दिलं की सगळे मागतील. तीन नंबर."

दिला तीन नंबर. सख्ख्या बापाला!

१३ ऑक्टोबर

उत्तर घरी पोचलं. बाबांनी जेवताना मोठ्याने वाचून दाखवलं. "'काळजीपूर्वक' म्हटलंय बघ. नुसतं 'विचार' नाही म्हटलेलं." मी नुसता भात कालवत राहिले. आईने काहीतरी म्हणायला तोंड उघडलं, तर बाबा लगेच, "हो गं, तुझा पाय नाही जाऊ देणार मी. तू निर्धास्त राहा." तिने चमचा ठेवून दिला. आता जेवायची नाही, हे तिचं नेहमीचं.

१४ ऑक्टोबर

बाबांनी दुसरं पत्र लिहायला घेतलंय. देवा!

२१ ऑक्टोबर

बाबा आता सह्या गोळा करतायत. प्रस्तावाच्या प्रती काढून आणल्यात, त्या घरभर पडल्यात. टेबलावर, फ्रिजवर, आईच्या खुर्चीशेजारी. संध्याकाळी मीही त्यांच्याबरोबर गेले. अकरा दारं, चार सह्या.

लोकांचाही राग येतो मला. एकाने दार अर्धंच उघडलं — "सह्या करून काय होतंय हो, त्यांचं ठरलेलं असतं." दुसरी म्हणाली, "आमच्याकडे कुणी आजारी नाही." स्टेशनरीवाला तर थेट माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, "काका, तुमची लेक तिथेच आहे ना? तिच्या कानावर घाला की, उगाच कशाला पायपीट?" बाबा असे भडकले! मी खाली मान घालून त्याच्या काउंटरवरची पेनं सरळ करत राहिले. ठरलेलं असतं म्हणणाऱ्याला काय सांगणार? ठरलेल्याचे चार परिच्छेद माझ्याच कॉम्प्युटरमध्ये आहेत.

२८ ऑक्टोबर

जनसुनावणी पाच तारखेला, सकाळी अकराला. म्हणजे कामावर जाणारा एकही माणूस येऊ नये अशी मुद्दाम निवडून काढलेली वेळ. नोटीस तळमजल्यावर, काचेच्या कपाटात, आगीच्या बंबामागे. साहेबांना म्हटलं, ती वाचताच येत नाही. "नियमात 'लावावी' असं आहे. 'वाचता यावी' असं कुठे आहे?" आणि स्वतःच हसले.

पुढे ऐकलं ते आणखी भारी. "सुनावणीचं इतिवृत्त टाइप करून ठेव." अहो, सुनावणी व्हायचीय! "नावं मागाहून भरू. बाकी दर वेळी तेच असतं."

केलं टाइप. 'उपस्थित नागरिकांनी प्रस्तावाचे सर्वसाधारणपणे स्वागत केले.' मग प्रसाधनगृहात जाऊन नळ सोडून रडले. डुलकी दाराबाहेरून विचारत होती, बरं नाही का.

५ नोव्हेंबर

आजचं सगळं लिहून ठेवते.

सभागृहात दोनशे खुर्च्या, माणसं एकतीस. त्यातली सहा आमच्याच ऑफिसातली, गर्दी दिसावी म्हणून बसवलेली. व्यासपीठावर समितीच्या अध्यक्ष आणि चार सदस्य. एक सदस्य सगळा वेळ मोबाईल चोळत होता. प्रत्येकाला तीन मिनिटं, मग घंटी. ती घंटीही माझ्याकडेच! एका रिटायर नर्सबाईंना मी ऐन वाक्यात घंटी मारली. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की टेबलाखाली शिरावंसं वाटलं.

नववे बाबा. आणि त्यांच्यापुढे चाकाच्या खुर्चीत आई! ती चालू शकते, पण एवढं लांब चालणं झेपणार नाही म्हणून फिजिओने खुर्ची दिली होती. सकाळी मला दोघांनीही काही सांगितलं नव्हतं. म्हणजे बाबांनी सांगितलं नव्हतं.

बाबांनी नकाशा भिंतीला लावला. चारशे दहा मीटर. बावीस मिनिटं. "तीन आठवड्यांपूर्वी मला उत्तर आलं की काळजीपूर्वक विचार चालू आहे. मी आज तो विचार ऐकायला आलोय." एवढंच म्हणाले आणि थांबले. तीन मिनिटं झाली. मी घंटी उचललीच नाही. साहेब लांबून डोळे वटारत होते — वटारा!

मोबाईलवाला चक्क वर बघायला लागला. मग अध्यक्ष बाई खाली उतरल्या, माइक आईपुढे धरला आणि म्हणाल्या, "ताई, तुम्हाला काही सांगायचंय?"

आईने प्रयत्न केला. तोंड लाल झालं, मानेच्या शिरा तटतटल्या, घशातून तो आवाज — माइकमुळे सगळ्या सभागृहात घुमला. डाव्या हाताने खुर्चीचा दांडा तीनदा आपटला. बाबांची बाही धरून ओढली. बाबांनी तिचा हात थोपटला आणि माइकमध्ये म्हणाले, "ती म्हणतेय, हलवू नका."

अध्यक्ष बाईंनी चष्मा काढला. मी लिहिलं — 'रुग्ण महिलेनेही हातवारे करून तीव्र विरोध दर्शवला.' अक्षर नीट दिसत नव्हतं, इतकं डोळ्यांत पाणी. आईचा एवढा अभिमान मला कधी वाटला नव्हता.

६ नोव्हेंबर

तयार इतिवृत्त फाडलं. नवीन लिहिलं, नऊ पानं. जो जे बोलला ते. नर्सबाईंना फोन करून त्यांचं अर्धं राहिलेलं वाक्य विचारून घेतलं आणि तेही घातलं.

साहेब लालबुंद. "इतिवृत्त म्हणजे गोषवारा असतो! तू कादंबरी लिहिलीस!" म्हटलं, तुम्ही सही करू नका, मी माझ्या नावाने वर पाठवते. डुलकी टक्क जागी! शेवटी सही केली त्यांनी. अध्यक्ष बाईंनी सकाळीच फोन करून इतिवृत्त मागवलं होतं, म्हणून. माझ्या शौर्यामुळे नव्हे. तरी चालेल.

१४ नोव्हेंबर

प्रस्ताव रद्द!!

आदेश मीच टाइप केला. 'विशेषतः रुग्ण महिलेने प्रत्यक्ष दर्शवलेला विरोध लक्षात घेता' — अध्यक्ष बाईंचे शब्द, मी फक्त स्वल्पविराम घातला. नव्या इमारतीत आता जुन्या फायली ठेवणार म्हणे. ठेवा खुशाल!

घरी जाऊन वाचून दाखवला. बाबा दोनदा "पुन्हा वाच" म्हणाले. मग मी सांगून टाकलं, ती उत्तरं मीच पाठवत होते. वाटलं होतं चिडतील. म्हणाले, "मग पुढच्या माणसाला नीट लिही." आई रडायला लागली. हुंदके देऊन, थांबेचना. दिवसा तिच्याजवळ असणाऱ्या मावशीही दारात तशाच उभ्या राहिल्या. मग आम्हीही रडलो. किती दिवसांनी घरात असं सगळे मिळून रडलो!

१५ नोव्हेंबर

आज ऑफिसचा जिना चढताना पहिल्यांदाच मान वर होती.

१९ नोव्हेंबर

हरकत क्रमांक दोनशे चौदा. आवक शिक्का सात तारखेचा. खालच्या मजल्यावरून माझ्या टेबलावर यायला बारा दिवस लागले. वहीचा कागद, डाव्या हाताने काढलेली मोठमोठी अक्षरं, रेघ सोडून खाली घसरलेली. हरकतींच्या पेटीत मावशींनी टाकलं असणार.

'केंद्र हलवा. नव्या जागी बोलायला शिकवणाऱ्या बाई येणार आहेत. प्रस्तावाचं पान नऊ बघा. इथे नाहीत. पायाचं मी बघेन. सुनावणीत हेच सांगत होते.'

पान नऊ मीच टाइप केलं होतं.

खाली आईचं नाव, आमचा पत्ता. त्याखाली आणखी एक ओळ, बाकीच्यांपेक्षा जोर देऊन लिहिलेली — 'उत्तर माझ्या नावाने पाठवा.'