उशिराचं कारण

देवास, सोमवार, जानेवारी १९५७

शुद्धलेखन चुकेल, माफी. वकीलकाकांच्या मशीनवर टाइप शिकतेय, एकेक अक्षर शोधावं लागतं.

बाबा कापसाच्या जिनिंगमध्ये मशीनीत सापडून गेले. भरपाईची अर्जी वर्षाच्या आत द्यायची होती, आम्ही चार महिने उशिरा दिली. उशीर माफ करणं भरपाई कचेरीतल्या साहेबांच्या हातात, पण कारण पटलं पाहिजे. काकांनी सांगितलेलं कारण मीच टाइप केलं: विधवेने वर्षभर उंबरा ओलांडला नाही.

आज साहेबांनी आईला विचारलं, "देर क्यों हुई, बाई?"

"घर में कोई जानेवाला नहीं था, साब."

"और ये लड़की?"

मी खाली बघत राहिले. आई म्हणाली, "ये बहुत लाजती है, साब."

साहेब जरा हसले आणि उशीर माफ लिहिला.

पण मुदत मला माहीत होती. जिनिंगमधल्या मुकादम भियाने सांगितलं होतं. दोनदा कचेरीच्या फाटकापर्यंत जाऊन पुरुषांची गर्दी बघून परत आले. उंबरा मी ओलांडला होता, फाटक नाही. आईला हे कधी सांगितलं नाही. मग ती तसं का म्हणाली? तिला सगळं ठाऊक होतं का?

आत्ता शेजारच्या काकू सांगून गेल्या, त्यांची शेळी व्याली. दोन पिलं.