मधल्या पायरीबाबत

मी, मैसून इद्रीस नक्काश, वय सदतीस, अविवाहित, धंदा पुस्तकबांधणी, राहणार जेरुसलेम, आमचं अल-कुद्स, कोटाच्या आत, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. हृदयाची झडप तेवढी नाही. ‘कोणत्याही दडपणाशिवाय’ असं इथे लिहितात. खोटं लिहायचं नाही म्हणून नोंदवते की दडपण आहे, पण हे लिहायला मला कोणी भाग पाडलेलं नाही. बुधवारी जैतूनच्या टेकडीवरच्या इस्पितळात माझी छाती उघडणार आहेत. मी परत येईन की नाही, यापेक्षा तोवर घरात कोण असेल याची मला जास्त धास्ती आहे.

कलम १. घर. ते माझं नाही, म्हणून मी ते कोणाला देऊ शकत नाही. दारावरच्या शिळेत कोरलंय की अल-अक्साला येणाऱ्या यात्रेकरूंसाठी एका विधवेने ही वास्तू देवाच्या नावाने वाहिली. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या तिचे राखणदार. राहण्याचा हक्क आमचा, विकण्याचा कोणाचाच नाही. पण या शहरात शिळेपेक्षा कुलूप खरं ठरतं. गेल्या उन्हाळ्यात गल्लीच्या टोकाचे अबू समीह डोळ्याच्या ऑपरेशनला गेले. परत आले तर कुलूप बदललेलं, गच्चीवर यहुदी वसाहतवाल्यांचं निशाण, आणि दारातल्या अनोळखी माणसाच्या हातात विक्रीचा कागद. खटला चालू आहे. अबू समीह मुलीकडे राहतात. म्हणून माझं घर एक रात्रही रिकामं राहू नये.

कलम २. माझा भाऊ नाएल, मुक्काम स्वीडन. त्याच्याकडे इथली घरं विकत मागणारा एक सभ्य माणूस कॉफीला येऊ लागला आहे, आणि त्यानंतर नाएलने माझ्या ओळखपत्राचा फोटो मागितला. मी दिला नाही. नाएल वाईट नाही. फोनवर म्हणाला, “मैसून, दगड आहेत गं ते. दगडांपायी जीव देणाऱ्यांची तिथे आधीच रांग लागलीय, तू कशाला उभी राहतेस तिच्यात?” माझ्यामागे राहण्याचा हक्क त्याचाच आहे. त्याने यावं, इथे झोपावं, सकाळी उठून खिडकी उघडावी. किल्ली त्याच्या हातात द्यावी, त्याच्या सहीचा कागद घेऊन येणाऱ्याच्या हातात नाही.

कलम ३. हत्यारं आणि बचत. शरियतप्रमाणे तिसऱ्या हिश्श्यापलीकडे मी वाटू शकत नाही, तेवढंच वाटते. बाबांचं पुस्तकं दाबायचं यंत्र, शिवणीची चौकट आणि कागद दुमडायची हाडाची पट्टी आर्मेनियन मठाच्या बांधणीखान्याला. बचतीतून आधी माझं दफन, बाबांशेजारी. मग आमच्या हौदाची डागडुजी. हौद वरच्या आणि खालच्या घराचा एकच आहे. उरेल ते नाएलचं.

संप आणि संचारबंदीमुळे शाळा बंद असायच्या त्या वर्षांत बाबांनी मला या हत्यारांशेजारी बसवून वाचायला शिकवलं. बांधणीला आलेलं पान वाचायचं, मग ते कुराणाचं असो की चर्चच्या स्तोत्रांचं. पलीकडच्या गल्लीतून यहुद्यांच्या पोथ्या येत, त्यांची अक्षरंही त्यांनी ओळखायला लावली. “दोरा सगळ्यांना एकच लागतो,” म्हणायचे, “पण हे बाहेर बोलू नकोस.” त्यांनी सांगितलेला पहिला इतिहास खलिफा उमरचा. शहर शरण आलं तेव्हा पाद्री म्हणाले, ख्रिस्ताच्या कबरीच्या चर्चमध्येच नमाज पढा. उमर बाहेर येऊन पढले. मी आत पढलो तर उद्या माझी माणसं ही जागा मागतील, म्हणाले. इथे जो गुडघे टेकतो, जागा त्याची होते. जो झाडू मारतो, त्याचीही होते. त्याच चर्चमध्ये एका पायरीच्या झाडण्यावरून वेगवेगळ्या पंथांचे साधू एकमेकांना झाडूंनी मारतात.

आमच्या जिन्यात तेच झालं.

कलम ४. मधली पायरी. खाली उम्म लबीब राहतात, सुरियानी ख्रिस्ती, विधवा. वरच्या पायऱ्या आमच्या, खालच्या त्यांच्या. मधली कोणाची, हे कुठल्याच कागदात मला सापडलं नाही. बाबा ती पहाटे झाडत, म्हणून उम्म लबीब त्याआधी झाडू लागल्या, म्हणून बाबा त्याहून आधी. बाबा गेले त्या दिवशीही पायरी झाडलेली होती. मग झाडू मी घेतला.

नातेवाईक येईनात, तेव्हा रविवारी मी खाली जाऊन विचारलं, माझं घर राखाल का.

“तुझ्या बापाने मला उंबऱ्याच्या आत कधी घेतलं नाही.”

“खाला, दुसरं कोणी नाही.”

“म्हणजे सगळे संपल्यावर मी.”

मी खरं ते सांगितलं. जी बाई एवढी वर्षं एक पायरी सोडत नाही, तिच्या हातून अख्खं घर कोण काढून घेणार? त्यांनी निवडत असलेली भाजी बाजूला सरकवली. मग म्हणाल्या, “किल्ली ठेव तिथे.”

पहिल्या मसुद्यात मधली पायरी मी त्यांच्या नावे लिहिली होती. त्या साक्षीची सही करायला आल्या तेव्हा सांगावं लागलं की ज्याला मिळतं त्याने सही करायची नसते. काय मिळतंय ते ऐकून त्यांनी चष्मा काढला.

“खोड ते. मेलेल्याकडून पायरी घ्यायला मी भिकारीण आहे का? भांडून घेईन. त्यासाठी तू जिवंत पाहिजेस.”

म्हणून खोडलं. मधल्या पायरीचा वाद मी मिटवत नाही, कोणाला देतही नाही. किल्ली उम्म लबीबकडे, केवळ राखणीसाठी. राखणदाराची सही चालते. आज सकाळी त्यांनी खालच्या पायऱ्या झाडल्या आणि मधलीपाशी थांबल्या. मी वरून झाडत आले आणि मीही थांबले. पायरीवर धूळ आहे.

हे सर्व मी वाचून पाहिलं, आणि मला ते खरं वाटतं.

सही: मैसून इद्रीस नक्काश
अल-कुद्स, सोमवार, ४ नोव्हेंबर २०१९

साक्षीदार १: औनी सल्हब, गल्लीतले भटारखानेवाले.

साक्षीदार २: मरियम जिर्यिस, उर्फ उम्म लबीब, राहणार खालचं घर, मधली पायरी धरून.

(पत्त्यातले शेवटचे तीन शब्द साक्षीदाराने स्वतः लिहिले आहेत. माझी त्यांना हरकत आहे. ती मी परत आल्यावर नोंदवीन. मै. न.)