चौथं नाव

८ फेब्रुवारी १९८५, शुक्रवार
हेमचंद्रच्या घरी मराठी मंडळाच्या डिसेंबरच्या नाटकाची व्हिडिओ कॅसेट. नायक हेमचंद्र, दिग्दर्शक हेमचंद्र. मी नोकर. अख्ख्या कॅसेटमध्ये माझा डावा हात आणि ट्रे दिसतो. इथे परदेशात सहा वर्षं नाटकांत या माणसाला चहा नेऊन देतोय. आता बस्स. यंदाच्या डिसेंबरात नायक मीच. गणपतीत असं काही करून दाखवीन की हेमचंद्र स्वतः विचारायला येईल.

१५ फेब्रुवारी
बस चुकली, बर्फ पडत होतं, म्हणून युनिव्हर्सिटीच्या फिल्म क्लबमध्ये शिरलो. जुना स्वीडिश मूकपट. सुरुवातीला नटांची यादी. चौथं नाव लक्षात राहिलं, आर्विद स्टेनमार्क. आपल्या नाटकांच्या यादीत नावं प्रवेशक्रमानं असतात, त्यामुळे ओळखणं सोपं. मोजत बसलो. चौथा आला तो ट्रेवाला नोकर! अंगावर काटा. ट्रे ठेवतो, मालकाकडे एकदाच बघतो, जातो. काय ती नजर!
त्यातला पाद्री मात्र असह्य. हातवारे, गरागरा डोळे. हुबेहूब हेमचंद्र.

२२ फेब्रुवारी
दुसरा मूकपट. स्टेनमार्क यादीत सहावा. सहावा आला तो गाडीवान. नाक वेगळं, उंची वीतभर जास्त. काय मेकअप! वसुधाला नेलं होतं. म्हणाली, अहो, हा माणूस वेगळाच दिसतोय. बायकोला सिनेमा कळत नाही.
तो ढेरपोट्या पाद्री इथे जमीनदार. असल्यांना कुठेही काम मिळतं.

१ मार्च
तिसरा. यादीत दुसरा. दुसरी आली ती एक म्हातारी. म्हणजे हा बायकांची कामंही करायचा! यावर ग्रंथच हवा.

४ मार्च, पहाटे ५
संकल्प. ग्रंथाचं नाव 'दुय्यम नटाचं थोरपण'. रोज पहाटे दोन पानं. क्लबच्या प्रोफेसरांकडून स्टॉकहोमच्या एका अभ्यासक बाईंचा पत्ता मिळवला. पत्र टाकलं. तिन्ही भूमिकांचं वर्णन, शिवाय पाद्र्याबद्दल स्पष्ट मत: हा मूकपटातसुद्धा ओरडतो, आमच्या मंडळाच्या हेमचंद्रसारखा.

२ जून
ग्रंथाची दीड पानं, मुखपृष्ठ धरून. परागकणांमुळे डोळे चुरचुरतात, त्यात टाइपरायटर रुपालीकडे. मागितला तर म्हणाली, डॅड, नोबडी केअर्स. ही यांची पिढी.

२४ ऑगस्ट
गणपतीत व्याख्यानाला एक तास मागितला. हेमचंद्र म्हणाला, दहा मिनिटं, तेही श्रीखंड वाढायला घेईपर्यंत. जळतो मेला.

१६ सप्टेंबर
स्टॉकहोमचं पत्र आलं! जाडजूड. फोडणार नाही. स्टेजवर हेमचंद्रच्याच हातानं फोडून त्याच्याच तोंडून वाचून घेईन. माझी तारीफ वाचताना त्याचा चेहरा बघायचाय. पहिल्या रांगेत बसायला वसुधाला सांगितलं. ती म्हणाली, आधी एकदा वाचून तर बघा. हिची हौसच मेली आहे.

२१ सप्टेंबर, शनिवार
व्याख्यान सात मिनिटं. मग पत्र. हेमचंद्रनं घसा साफ केला आणि वाचलं, हातवाऱ्यांसकट.
बाई लिहितात, त्यांच्याकडे यादी भूमिकेच्या महत्त्वानं असे, प्रवेशक्रमानं नव्हे. स्टेनमार्क म्हणजे तो पाद्री. जमीनदारही तोच. ट्रेवाला, गाडीवान आणि म्हातारी ही तीन वेगळी माणसं, नावं कुठेच नोंदलेली नाहीत. ट्रेवाला बहुधा स्टुडिओतला सुतार.
शेवटचं वाक्य हेमचंद्रनं दोनदा वाचलं: 'तुमचे हेमचंद्र जर खरोखर स्टेनमार्कसारखे असतील, तर तुमचं मंडळ भाग्यवान आहे.'
टाळ्या. वसुधा मान खाली घालून बसली होती. श्रीखंड सावर क्रीमचं, आंबट. घेतलं नाही.

५ ऑक्टोबर
डिसेंबरचं नाटक ठरलं. मी नोकर. मीटिंगमध्ये गप्प बसलो, कारण पडदा उघडताच पहिला प्रवेश नोकराचा. म्हणजे यादीत पहिलं नाव माझं. कुणाच्या ते लक्षात आलेलं नव्हतं.
उठता उठता हेमचंद्रनं जाहीर केलं, यंदापासून यादी भूमिकेच्या महत्त्वानं, स्वीडनसारखी. माझं नाव शेवटी, पानावर जागा उरली तर.
लाज वाटली. फार वाटली.
ट्रे आपल्या घरचाच न्यायचाय. वसुधानं घासून ठेवलाय.