रेडिएटरातली साय

बालाघाट,
ता. २९ डिसेंबर १९६८

ती. बंडोपंत यांस गुणाकरचा नमस्कार.

तुमचे पत्र मंगळवारी मिळाले. गुडघा आता जिना चढू देतो हे वाचून बरे वाटले. सौ. वहिनींचा खोकला थंडीने वाढला असल्यास आल्याचा रस आणि मध द्यावा (त्या घेणार नाहीत, हे मला माहीत आहे, तरी लिहिले). माझी प्रकृती ठीक आहे. मैनाबाई दोन वेळचे करून जाते, आणि मी जेवलो की नाही हे भांड्यांवरून तपासते, त्यामुळे त्या बाबतीत लबाडी चालत नाही. सुनंदा गेल्याला आठ महिने झाले. त्याबद्दल काय लिहावे ते मला सुचत नाही, आणि तुमच्यानेही ते वाचवणार नाही, म्हणून पुढे जातो.

संक्रांतीनंतरच्या रविवारी ड्रायव्हर घेऊन गाडी न्यायला येता असे तुम्ही लिहिले आहे. गाडी तुमचीच. सुनंदाला शाळेत जाण्यायेण्यासाठी म्हणून तुम्ही भावाच्या नात्याने ती इथे पाठवली होती, आता मुख्याध्यापिकाच नाहीत तेव्हा ती परत जावी हे सरळच आहे. तेराव्याच्या वेळी तिच्या साड्या, छत्री, घड्याळ सगळ्याचे काय करायचे ते गुरुजींनी सांगितले. गाडीचे मात्र त्यांच्या पोथीत नव्हते, म्हणून ती शेडमध्ये राहिली. शेड मोकळी झाली की तिथे गोवऱ्या रचाव्यात असे मैनाबाईचे म्हणणे आहे. मला ते पटलेले नाही. असो. "गाडी चालू स्थितीत आहे ना, एका ओळीत कळवणे" असे तुम्ही शेवटी विचारले आहे. उत्तर एका ओळीत मावत नाही, म्हणून हे पत्र.

गेल्या महिन्याच्या अखेरीस मी गाडी पुसत होतो. पुसता पुसता रेडिएटरचे झाकण उघडले. आत पाणी दिसायला हवे होते. त्याऐवजी दाट, तपकिरी, दुधाळ असे काहीतरी दिसले, आणि त्यावर चक्क साय धरली होती. मैनाबाई अंगण झाडत होती, तिने वाकून पाहिले आणि म्हणाली, "भाऊ, हे तं बासुंदी दिसते! गाडीत कोनं ओतली?" मी चमच्याने थोडे काढले (तो चमचा तिने पुन्हा स्वयंपाकघरात येऊ दिला नाही). बोटाला चिकट लागले. वास इंजिनच्या तेलाचा होता. आता तेलाची जागा इंजिनच्या पोटात आणि पाण्याची रेडिएटरमध्ये, एवढे मलाही ठाऊक होते. ती दोन एकमेकांना भेटली कुठे, हा प्रश्न माझ्या डोक्यात बसला. तुम्हाला आश्चर्य वाटेल, पण एप्रिलपासून माझ्या डोक्यात कुठलाच प्रश्न आला नव्हता. ऑफिसात नकाशे येत, मी त्यांच्या नकला करून देत असे, घरी येऊन झोपत असे. त्या दिवशी मात्र ऑफिसला पोहोचेपर्यंत त्या सायीचाच विचार चालला होता, आणि वाटेत दोघा जणांच्या नमस्काराला उत्तर द्यायचे राहून गेले.

संध्याकाळी येताना टीपकागदाचे चार तुकडे आणले (सरकारी आहेत, पण वापरून झालेले). एका तुकड्यावर विहिरीचे पाणी टाकले, दुसऱ्यावर इंजिनमधल्या पट्टीवरचे तेल, तिसऱ्यावर रेडिएटरातला ऐवज. पाण्याचा डाग सकाळपर्यंत वाळून गेला. तेलाचा डाग राहिला, आणि कागद उजेडात धरला की तेवढ्या जागेतून खिडकी दिसे. तिसऱ्या कागदातूनही खिडकी दिसली. म्हणजे तेल नक्की. मग एका बाटलीत तो ऐवज भरून, त्यावर तारखेची चिठ्ठी लावून खिडकीत ठेवली. तेल वर आणि पाणी खाली असे सरळ वेगळे होईल ही माझी अपेक्षा. तसे झाले नाही. पाच दिवसांनी तळाशी बोटभर गढूळ पाणी, वर थोडे काळे तेल आणि मध्ये ही बासुंदी, जी ना इकडची ना तिकडची, तशीच घट्ट बसून राहिली. घरी कोणी भेटायला आले की बाटलीकडे पाहत. मी समजावून सांगत असे. आठ महिन्यांत घरी येणाऱ्यांपुढे मी काही बोललो ते तेवढेच, त्यामुळे गावात माझ्याबद्दल काय बोलले जाते याची मला थोडी कल्पना आहे.

सहाव्या दिवशी तेजराम मिस्त्रीला बोलावले. बसस्टँडमागे त्याचे गॅरेज आहे, सुनंदाची गाडी तोच बघत असे. त्याने आधी तेलाची पट्टी ओढून पाहिली. तेल स्वच्छ होते, पण दोन बोटे कमी. म्हणजे तेल पाण्यात गेले होते, पाणी तेलात आलेले नव्हते. असे एकतर्फी का, हे मी विचारले. तो म्हणाला, "तेलामागं पंपाचा जोर राह्यते बाबूजी. पाण्याचा तेवढा जोर नाही. ज्याचा जोर, तो दुसऱ्याच्या वावरात घुसते." जमिनीच्या नकाशांत बावीस वर्षे काढलेल्या माणसाला हे लगेच कळते. मग मैनाबाईने तेल चुकून पाण्याच्या तोंडात ओतले काय, असे त्याने विचारले. मैनाबाई आतून बाहेर आली. "मी? मी कवा गाडीले हात तरी लावला का रे? तुह्या गॅरेजात तूच वतत असशील!" तो विषय तिथेच संपला. शेवटी तो गाडीत बसला, काट्यांकडे पाहत राहिला आणि म्हणाला, "मीटर तं बाईसाहेब गेल्या तवाचंच हाय. मीच आकडा लिहून ठेवला होता. मंग टाकी काहून रिकामी झाली? गाडीनं उभ्या उभ्या पेट्रोल पेलं का?" मी फडक्याने काच पुसू लागलो. माझा स्वभाव तुम्ही जाणता. उडून जात असेल, असे मागाहून सांगितले. तेजरामने मान हलवली, पण ती हो म्हणून हलवली असे मला वाटत नाही.

इथे भोजराज येतो. हा तेजरामचा साडू, वारासिवनीला भाताच्या गिरणीत इंजिन सांभाळतो, आणि त्या दिवशी सहज म्हणून आला होता. हे दोघे साडू एका लग्नात वाढप्याने कोणाला आधी वाढले यावरून भांडले, तेव्हापासून एका पंगतीला बसत नाहीत. म्हणून दुपारी तेजराम जेवायला घरी गेला आणि भोजराज शेडमध्ये राहिला. त्याने मला समजावले की मोटार काय नि गिरणीचे इंजिन काय, पाणी ते पाणीच. गिरणीत पाण्याची टाकी गळू लागली की ते मूठभर बारीक कोंडा टाकतात. कोंडा भोकाशी जाऊन फुगतो आणि गळती बंद. "तुमच्या इथंबी भोकच हाय ना? मंग कोंडाच पाह्यजे." मला हे तर्काला धरून वाटले. (आता विचार करतो तेव्हा वाटते की पाणी बाहेर गळत होते कुठे? तेल आत येत होते. पण त्या वेळी तो इतक्या खात्रीने बोलत होता, आणि कोंड्याची पुडी त्याच्या पिशवीत आधीपासूनच होती. गिरणीची माणसे ती जवळ बाळगतात हे मला नवीन कळले.) त्याने दोन मुठी टाकल्या, वर पाणी घातले आणि इंजिन सुरू केले.

कोंडा फुगला. भोकाशी फुगला की नाही सांगता येत नाही, पण बाकी सगळीकडे फुगला. कोंडा, तेल आणि गरम पाणी यांची आत खीर शिजली. दहा मिनिटांनी वाफ येऊ लागली. भोजराज म्हणाला, "आता कोंडा भोकात बसून राह्यला, पाहा." तेवढ्यात झाकण उडाले आणि खीर शेडच्या भिंतीवर, छतावर, आणि थोडी भोजराजच्या टोपीवर बसली. सुदैवाने आम्ही दोघे बाजूला उभे होतो. तेजराम जेवून परत आला. तो भिंतीकडे पाहत उभा राहिला, मग अगदी शांतपणे साडूला म्हणाला, "भोजराजजी, पोळ्याले बैल सजवतेत. मोटार नाही." भोजराज चारच्या बसने वारासिवनीला गेला. जाताना माझी मात्र त्याने क्षमा मागितली, आणि उरलेली पुडी ठेवून गेला.

दुसऱ्या दिवशी तेजरामने इंजिनचे डोके उघडले. (त्याला हेड म्हणतात. मी आता बरेच शब्द शिकलो आहे.) हेड आणि खालचा ठोकळा यांच्यामध्ये एक पातळ पत्रा असतो, गॅस्केट म्हणतात. त्याला लहानमोठी भोके असतात, काहींतून तेल जाते, काहींतून पाणी. दोन भोकांमधली जागा कुठे कुठे करंगळीएवढीही नसते. बंडोपंत, तो पत्रा हातात घेतल्यावर मी त्याच्याकडे किती वेळ पाहत होतो कोण जाणे. तो मला थेट गावांच्या नकाशासारखा दिसला. इकडे तेलाचे गाव, तिकडे पाण्याचे, मध्ये अरुंद शीव. एका जागी ती शीव जळून काळी झाली होती आणि तिथून तेल पाण्याच्या हद्दीत जात होते. एवढ्याशा जागेतून एवढी बासुंदी. ऑफिसात आम्ही असे तंटे वर्षानुवर्षे मोजतो आणि ते मिटत नाहीत. तेजरामने नवा पत्रा गोंदियाहून मागवला, हेडवर काचेचा तुकडा ठेवून सपाटी पाहिली, कानशीने आणि पॉलिश कागदाने दोन दिवस घासले. आणि तो शिवेचा तंटा मिटला.

राहिले पाणी जाण्याच्या नळ्यांमधले तेल. रेडिएटर काढून उलटा केला, कोंडा निघाला, पण आतला चिकटपणा जाईना. तेजरामने सोडा घातला. टीपकागदातून खिडकी दिसत राहिली. तेव्हा मैनाबाईने कमरेला पदर खोचला. "तेल काढाचं तुमाले का समजते? जलमभर आमी डोकी धुतली." तिने शेरभर रिठे रात्री भिजत घातले, सकाळी उकळून गाळले आणि ते पाणी रेडिएटरमध्ये ओतून तेजरामला इंजिन चालवायला लावले. फेस सुरू झाला तो झाकणातून निघून चाकांखालून अंगणात, अंगणातून गल्लीत आणि गल्लीतून नालीपर्यंत गेला. ती शाळेची वेळ होती. मुली थांबल्या. त्यांनी गाडी ओळखली. एक मोठी मुलगी फेसाच्या पलीकडे उभी राहून म्हणाली, "बाईंची गाडी न्हातेय." कोणी हसले नाही, मग सगळ्याच हसल्या, आणि मीही. मैनाबाईने लुगडे सावरत पुढची घागर ओतली. पाच वेळा रिठे, चार वेळा साधे पाणी. शेवटच्या पाण्याचा थेंब टीपकागदावर टाकला, सकाळी पाहिले तर कागद कोरडा, डाग नाही, खिडकीही नाही.

एवढे होऊनही गाडी लांबच्या प्रवासाला लगेच काढणे बरे नाही, असे जाणकारांचे मत पडते. नवा पत्रा बसायला वेळ लागतो. नागपूरचा रस्ता खराब आहे, मध्ये जंगल आहे. तेव्हा रविवारचा बेत होळीपर्यंत पुढे ढकलावा असे सुचवतो. मुलांना आशीर्वाद, वहिनींना नमस्कार.

आपला,
गुणाकर

ता. क. — वर "जाणकारांचे मत" असे लिहिले आहे. तेजरामला विचारले असता तो म्हणाला, गाडी नागपूर काय, जबलपूरलाही जाईल. जाणकार म्हणजे मीच.

ता. क. २ — मैनाबाईचा किंवा तेजरामचा यात काही दोष नाही, हे लिहायचे राहिले. सुनंदा सव्वादहाला निघत असे. त्या वेळी शेडमधून आवाज आला नाही की मला ऑफिसला जायचे सुचत नसे. म्हणून मी रोज सव्वादहाला जाऊन इंजिन सुरू करत असे आणि थोडा वेळ बाजूला उभा राहत असे. पाणी पाहावे लागते हे मला माहीत नव्हते. ते काम तिचे. ऑक्टोबरात एकदा वाफ आली तेव्हा मी घाबरून तापलेल्या इंजिनात थंड पाण्याचा तांब्या ओतला. तेजराम म्हणतो, शीव त्याच दिवशी जळाली असावी. हे त्याला मी परवा सांगितले. तुमच्या आधी त्याला सांगितले याबद्दल राग मानू नये. तो विचारत होता, आणि तुम्ही लांब आहात.

ता. क. ३ — ड्रायव्हर आणू नका. गाडी इथेच राहू द्यावी अशी माझी विनंती आहे. पंधरा दिवस झाले, सकाळी मी तेजरामकडून चालवायला शिकतो आहे. काल वैनगंगेच्या पुलापर्यंत जाऊन आलो. तुम्ही मात्र नक्की या, वहिनींनाही आणा. मी स्टेशनवर गाडी घेऊन येईन. बाहेर पडल्यावर रस्त्याच्या अगदी कडेला उभे राहावे, आणि मी पुढे निघून गेलो तर हाका मारू नयेत. गाडी मागे घ्यायला मला अजून येत नाही. मी बाजाराला वळसा घालून परत येईन.