ग्रेगरी, सुधीर आणि संमतीचा कागद

८ जुलै १९९६, सोम. इंदापूर
कॉलेज सुरू. एस.वाय.ला मध्ययुगीन युरोप, पोप सातवा ग्रेगरी. अकरा वर्षं हेच शिकवतेय, खडू हातात घेतला की तोंड आपोआप चालतं. चर्चमधली पदं विकायची नाहीत. राजानं बिशप नेमायचे नाहीत. लग्न झालेल्या धर्मगुरूनं बायको सोडायची, नाहीतर प्रार्थना चालवायची नाही. दरवर्षी 'सुधारणा' म्हणून ठासून सांगते. आज तिसरा मुद्दा फळ्याकडं तोंड करून सांगितला, नाक पुसत. पोरांना वाटलं, मॅडमना सर्दी.
सुधीरला घरातून जाऊन आज दोन महिने.

११ जुलै
दुसऱ्या कुणाला सांगायची सोय नाही म्हणून इथं. पाठवला मीच. मामंजी गेल्यापासून तो धड जेवेना, बोलेना. मीच म्हटलं, बारामतीच्या विहारात दहा दिवस भिक्खू होऊन राहायचं श्रामणेर शिबिर आहे, जाऊन ये, डोकं शांत होईल. पिशवी मी भरली. त्यात कंगवासुद्धा ठेवला, काय बाई मी! तिथं पहिल्याच दिवशी डोकं भादरतात. दहाचे वीस झाले, विसाचे साठ. त्याचं डोकं झालं शांत.

१८ जुलै
निरोप. पावसाळ्याचा वर्षावास संपला की सुधीरला उपसंपदा, म्हणजे कायमचा भिक्खू. भंतेजींचं म्हणणं, आई आणि पत्नी दोघींची लेखी संमती हवी. कागद टाइप करूनच आलाय. खाली दोन रेघा.
आत्यांनी (सासूबाईंनी) विचारलं, "काय लिवलंय?" वाचून दाखवलं. लगेच शाई मागितली. "माज्या सासऱ्याला देवळाची पायरी चढू दिली न्हाय. आन आता माजं पोरगं चिवर घालतंय. आनखी काय पायजे?" अंगठा उठवला.
दुसरी रेघ माझी.

२६ जुलै
वरकुट्याची सुनंदा, एरवी तोंड उघडत नाही. आज उभी राहिली.
"मॅडम, त्या बायकांचं पुढं काय झालं?"
कुठल्या बायकांचं?
"धर्मगुरूंनी सोडल्या त्यांचं. त्या कुठं गेल्या?"
वर्गात खसखस. बघून सांगते म्हटलं. लायब्ररीतली तिन्ही पुस्तकं चाळली. ग्रेगरीनं बहिष्कृत केलेला राजा माफीसाठी तीन दिवस बर्फात अनवाणी उभा राहिला, त्याला दोन-दोन पानं. बायकांना अर्धी ओळ नाही. अकरा वर्षांत मलाही कधी विचारावंसं वाटलं नव्हतं. शरम वाटली.

४ ऑगस्ट, रवि.
डाळजला नणंदेकडं भोजनदान. बारामतीहून भंतेजी आले, बरोबर सुधीर. वाळलाय. सगळ्यांनी तीनदा वाकून वंदन केलं, मलाही करावं लागलं. नऊ वर्षं ज्याचे बनियन धुतले त्याच्या पायाशी डोकं! वांग्याची भाजी मी वाढली, कूट जास्त घालून, त्याला आवडते तशी. त्यानं भात, भाजी, खीर सगळं एकात कालवलं. चवीसाठी खायचं नसतं म्हणे.
जाताना म्हणाला, "मंगल हो, उपासिके."
उपासिके! अरे, बायकोचं नाव विसरलास का रे?
मोठ्यानं नाही बोलले. लोक म्हणतील, शिकलेली बाई आणि धम्माच्या आड येते. माझ्या वडिलांनी छप्पन्न साली दीक्षा घेतली म्हणून मी आज वर्गात उभी राहते. त्या चिवराला कुठल्या तोंडानं नावं ठेवू? दुसऱ्या बाईच्या नादी लागला असता तर चार शिव्या तरी हासडल्या असत्या.

१३ ऑगस्ट
ग्रेगरी संपवला. तोच राजा उलटला, रोमवर चालून आला, पोप परागंदा होऊन सालेर्नोत मेला. सुनंदाला सांगितलं, त्या बायकांचं आपल्या पुस्तकांत काही नाही. कुणी विचारलंच नसेल.
"मग त्यांनी सोताच लिहायचं हुतं," ती म्हणाली.
हजेरी न घेताच वर्गातून आले.

१५ सप्टें., रवि.
बारामती. विहारात गेले. एकट्या बाईशी बोलायचं नसतं, म्हणून शेजारी दुसरे एक श्रामणेर बसलेले. बसू देत.
विचारलं, "मी सही नाही केली तर घरी येशील?"
"येईन."
"मनापासून?"
त्यानं चिवराचा काठ सारखा केला. खोटं बोलायला त्याला कधीच जमलं नाही. या वेळी जमायला हवं होतं. एस.टी.त पदर तोंडात धरून रडले. भवानीनगरला चढलेली एक म्हातारी म्हणाली, "कोन गेलं गं, बाय?" काय सांगणार?

२० ऑक्टो., रवि.
येत्या शनिवारी पौर्णिमा, वर्षावास संपतो. कागद उद्या द्यायचाय.
भाकऱ्या करत होते. आत्या जवळ येऊन बसल्या. मग, "दिलेला अंगठा माघारी घेता येतुया का गं?"
हातातली भाकरी तव्यावर टाकली.
"डाळजला त्याच्या पाया पडले मी. आय हाय मी त्याची. त्यानं हात धरून उठवलंबी न्हाय."
म्हटलं, माझी सही नसली तर तुमच्या अंगठ्याला काही अर्थ नाही.
"मग करू नगंस." थोड्या वेळानं, "न्हाय. कर. आनला वडून, तर घरात नुसता बसून ऱ्हाईल." परत थोड्या वेळानं, "मला काय कळत न्हाय, बाय."
भाकरी करपली. कुणीच उलटली नाही. आत्यांनी माझा हात हातात घेतला, नऊ वर्षांत पहिल्यांदाच.
"तू कायबी कर. उद्या कुनी बोट दावलं तर मी सांगीन, माज्या सांगन्यावरनं केलं."
सकाळी दोघी जाणार आहोत बारामतीला. अजून सही केलेली नाही.