माझ्या गळ्यावर चार मतं

तीर्थरूप ताईस,

साष्टांग नमस्कार (गुडघ्यांमुळे कागदावरच). तुझा रक्तदाब कसा आहे? भावजींचं घोरणं कमी झालं का? माझं विचारशील, तर मी संतापले आहे.

डॉक्टरांच्या निदानांवरून होणाऱ्या वादांवर मी माहितीपट लिहितेय, हे तुला ठाऊक आहेच. दिग्दर्शकाला नमुना हवा होता : रिपोर्ट एक, डॉक्टर चार. माझ्याच गळ्यातल्या गाठीचा रिपोर्ट नुकता आला होता (हो, तुला सांगितलं नाही. नंतर रागव). नाव झाकून तोच दिला. म्हटलं, कामही होईल आणि मनाचं समाधानही.

कसलं समाधान! पहिले म्हणाले, थायरॉइड सगळी काढा, उशीर नको. दुसरे म्हणाले, अर्धीच; पहिल्यांचं नाव ऐकून हसलेसुद्धा. तिसऱ्या बाई म्हणाल्या, इतकी बारीक गाठ कित्येकांच्या गळ्यात जन्मभर निमूट बसून असते, सहा महिन्यांनी बघू. चौथ्यांनी रिपोर्टच चुकीचा ठरवला. आणि चौघांनाही तिळमात्र शंका नाही! (आपल्या कॉन्व्हेंटातल्या गणिताच्या सिस्टरनी चौघांना बाकावर उभं केलं असतं.) वर दुसरे जाता जाता म्हणाले, ऑपरेशनमध्ये कधीकधी आवाज जातो. अगं, शाळेच्या गायनवृंदात ज्या आवाजाने मी तुझा सूर बिघडवायचे, तो आवाज!

"मॅडम, काय झकास भांडण मिळालंय!" म्हणून दिग्दर्शकाने टाळी मागितली. मी दिलीही, मेली सवय. संकलन करणाऱ्या मुलीने विचारलं, पेशंटचं पुढे काय झालं? तर हा म्हणतो, ते आपल्या विषयात बसत नाही. बसत नाही म्हणे! पण सगळ्यात जास्त राग माझाच येतो. ‘याबाबत तज्ज्ञांमध्ये मतभेद आहेत’ हे वाक्य वीस वर्षं मीच लिहितेय, आणि लिहून झालं की निवांत चहा पितेय.

असो. तिसऱ्या बाईंचं ऐकायचं ठरवलंय. मी अगदी ठाम आहे. काळजी नसावी.

तुझी धाकटी

ता. क. : ठाम वगैरे काही नाही. गुरुवारी अकराला तिसऱ्या बाईंकडे आणि बाराला पहिल्यांकडे, दोन्हीकडे नाव नोंदवलंय. या वेळी न झाकता.

आणखी एक : दिग्दर्शकाला सांगितलंय, इस्पितळातली निवृत्त मेट्रन म्हणून तुझी मुलाखत घ्यायचीय. थाप आहे, गुरुवारची सुट्टी मिळावी म्हणून. कॅमेरा येणार नाही, तू ये. डॉक्टरांना प्रश्न तूच विचार. मी विचारायला लागले की त्याची मुलाखत होते, आणि पेशंटला जे ऐकायचं असतं ते राहूनच जातं.