न भरलेली ओटी

कामोठे,
मार्गशीर्ष शुद्ध एकादशी, शके १९१८

प्रिय रोहिदास,

अनेक उत्तम आशीर्वाद. हे शब्द सवयीने उमटले, खोडत नाही. पाटीवर पहिला श्रीकार तुला मी काढून दिला, आणि गुरूने दिलेला आशीर्वाद परत घेता येत नाही, हेही मीच शिकवले. मी सध्या मुलीकडे आहे. आज उपवास आहे, मन स्थिर आहे; तेव्हा पुढचे रागाच्या भरात लिहिले असे समजू नकोस.

माझ्या जावयाकडून, जयप्रकाशकडून, तुझा निरोप पोचला. सोमवारी मुंबईच्या हायकोर्टात माझा अर्ज निघाला की तुझा वकील हरकत नाही म्हणेल, माझ्यावरचा खटला रद्द होईल, आणि झाले गेले गंगेला मिळाले असे समजायचे. बाळा, आपल्याकडे गंगा नाही, खाडी आहे. आणि खाडीत टाकलेले भरतीला परत येते.

अर्ज करताना नंदिनी वकीलबाईंनी वाशीच्या कचेरीत मला कायदा समजावून दिला होता. चालू फौजदारी खटल्यात हायकोर्ट सहसा हात घालत नाही; पुरावा खरा की खोटा, हे तिथे तोलत नाहीत. मात्र फिर्यादीतले अक्षर न् अक्षर खरे धरूनही गुन्हा होत नसेल, किंवा ती निव्वळ आकसाने केलेली दिसत असेल, तर खटला थांबवता येतो. तुझी फिर्याद दोन्ही बाजूंनी उघडी पडते. गावदेवीचा चांदीचा मुखवटा माझ्या देव्हाऱ्यात, समईपुढे सापडला, असे तूच लिहून दिलेस. चोर कधी चोरीच्या मालापुढे समई लावतो काय? आणि देवळालगत गाळे बांधायच्या तुझ्या बेताला मी भर सभेत विरोध केला, त्याच्या आठव्या दिवशी तू पोलिसांत गेलास.

गावाची रीत तू विसरला नव्हतास. चैत्राची जत्रा उतरली की देवी पोथी सांगणाऱ्याच्या घरी माहेरपणाला येते आणि घटस्थापनेच्या आधी ओटी भरून तिची पाठवणी होते. तीस वर्षे ती पाठवणी माझ्या शकुबाईने केली. यंदा श्रावणात पोलीस आले. शकुबाई हात जोडून म्हणाली, "साहेब, लेक निघालीय. ओटी तरी भरू द्या." हवालदार म्हणाला, मुद्देमालाला हात लावायचा नाही. तू अंगणाच्या कडेला उभा होतास. तू एक शब्द बोलला असतास तर तो थांबला असता. देवी पोत्यात गुंडाळून गेली. त्या दिवसापासून शकुबाईचे अन्न तुटले. खणानारळाचे ताट तिने उचलू दिले नाही. कार्तिकात ती गेली तेव्हाही ते देव्हाऱ्यापुढेच होते.

क्षमा हे थोरांचे भूषण, असे मी आयुष्यभर व्यासपीठावरून सांगत आलो. आता श्रोता मीच आहे, आणि मला ते पटत नाही.

म्हणून हे पत्र. अर्ज मागे घ्यायला मी वकीलबाईंना सांगितले आहे. "काका, लोक सुटायला येतात, तुम्ही अडकायला निघालात," म्हणाल्या. पण हायकोर्टात साक्षी होत नाहीत, रोहिदास. उरणच्या कोर्टात होतात. तिथे तू पिंजऱ्यात उभा राहशील, शपथ घेशील आणि मुखवटा माझ्या घरी कसा आला ते गावासमोर सांगशील. तुझे झाले की माझ्या बाजूने एकच साक्षीदार येईल. हिरव्या खणाखाली झाकून देवी माझ्या उंबऱ्याशी कुणी आणली, हे तुला ठाऊक आहे. शकुबाईच्या दहाव्याला पुतळाबाई, तुझी आई, गावच्या घरी आली होती. म्हणाली, "बुवा, माज्या हातानी दिलाय, माज्याच तोंडानी सांगेन." मी तिला नको म्हटले नाही.

तिला आता फार चालवत नाही. कोर्टात येताना तिला तूच हात धरून घेऊन ये.

तुझाच,
ज्ञानूबुवा